‘मामा’ आणि भाषांची सोयरीक

मराठीत मामा म्हणजे आईचा भाऊ. पूर्व आफ्रिकेत स्वाहिली बोलणाऱ्या घरात मामा म्हणजे आई. पेरू-बोलिव्हियाच्या डोंगराळ मुलखात केचुआ बोलणाऱ्यांकडेही आईच आणि चीनमध्येही आईच. कॉकेशस पर्वताच्या दक्षिणेला जॉर्जियात मात्र मामा म्हणजे बाप. मध्य ऑस्ट्रेलियाच्या वाळवंटातल्या पितजंतजारा भाषेतही बापच. तुर्की घरात मामा म्हणजे बाळाला भरवायचं खाणं. लॅटिनमध्ये ‘माम्मा’ म्हणजे स्तन. कार्ल लिनियसने १७५८ मध्ये पिल्लांना अंगावर पाजणाऱ्या प्राण्यांच्या वर्गाला ‘मॅमेलिया’ हे नाव दिलं ते याच शब्दावरून. तमिळमध्ये मामा हा आईचा भाऊ, सासरा आणि तमिळनाडूच्या काही भागांत बायको नवऱ्याला मारते ती हाकही. मराठी आणि लॅटिन सोडल्या तर या यादीतल्या कोणत्याही दोन भाषा एका कुळातल्या नाहीत. तरीही ओठ दोनदा मिटून दोनदा उघडले की होणारा हा शब्द प्रत्येकीत आहे आणि त्याचा अर्थ मात्र घरागणिक बदलतो.

अशी यादी समोर आली की बहुतेकांचं लक्ष आधी आवाजाच्या सारखेपणाकडे जातं आणि तिथून दोन निष्कर्ष निघतात. एक असा की सगळ्या भाषा मुळात एकच होत्या आणि हा त्या मूळ भाषेचा उरलेला अंश आहे. दुसरा असा की हा निव्वळ योगायोग आहे, त्यात शोधण्यासारखं काही नाही. गेल्या साठ-सत्तर वर्षांतलं संशोधन एकत्र ठेवून पाहिलं तर दोन्ही निष्कर्ष टिकत नाहीत. आवाजाला कारण आहे, पण ते भाषांच्या वंशात नसून तान्ह्या मुलाच्या तोंडात आहे. अर्थालाही कारण आहे, आणि ते त्या त्या समाजाच्या घररचनेत आहे. म्हणून या शब्दांपुरतं बोलायचं तर आवाज भाषेच्या इतिहासाबद्दल जवळजवळ काहीच सांगत नाही. जे कळतं ते अर्थाकडून कळतं. आपल्याकडे हा क्रम नेहमी उलटा लावला जातो, आणि त्यातून बराच चुकीचा इतिहास तयार होतो.

हे उलटं काम किती जुनं आहे पाहा. होमर हल्बर्ट या अमेरिकी मिशनऱ्याने १९०५ मध्ये कोरियन आणि द्राविडी भाषांचं तुलनात्मक व्याकरण छापलं. त्याच्या पुस्तकात शब्दांखेरीज वाक्यरचनेचाही विचार होता. पण आज कोरियन आणि तमिळ या बहिणी आहेत असं सांगणारा प्रत्येक जण सुरुवात करतो ती अप्पा आणि अम्मा या दोन शब्दांनी. कोरियनमध्ये बापाला ‘आप्पा’ आणि आईला ‘ऑम्मा’ म्हणतात हे खरंच आहे. पण हिब्रू घरातही बाप ‘अब्बा’ आणि आई ‘इम्मा’ असते, स्पेन-फ्रान्सच्या सीमेवरच्या बास्क भाषेत आई ‘अमा’ असते, आणि बास्कला तर जगात एकही जिवंत भाषाभगिनी सापडलेली नाही. जो पुरावा कोरियन आणि तमिळ यांचं नातं सिद्ध करतो, तोच बास्क आणि तमिळ यांचंही करतो, म्हणजे प्रत्यक्षात कोणाचंच करत नाही. व्हॅटिकन ही मुळात वाटिका होती असं आपल्याकडे गांभीर्याने सांगितलं जातं, तेही याच रीतीने: दोन आवाज जुळले की मधला दीड-दोन हजार वर्षांचा इतिहास विचारायचाच नाही.

भाषांचं खरं नातं आवाजाच्या सारखेपणावर उभं नसतं. ते आवाजांच्या नियमित फरकावर उभं असतं. नात्यांचेच शब्द घेऊ. मराठीतली ‘सून’ संस्कृत ‘स्नुषा’पासून आली. लॅटिनमध्ये सुनेला ‘नुरुस’ म्हणत, रशियनमध्ये ‘स्नोखा’ म्हणतात. कानाला सून आणि नुरुस यांत काही समान वाटणार नाही, पण हे तीनही शब्द एकाच मुळाचे आहेत, आणि प्रत्येक भाषेत कोणता आवाज कशामुळे बदलला हे दुसऱ्या शेकडो शब्दांतून दाखवता येतं. तसाच ‘दीर’. संस्कृत ‘देवर’, लॅटिन ‘लेविर’, लिथुएनियन ‘दिएवेरिस’ हे त्याचे सख्खे. आर्मेनियन भाषेत दोनला ‘एर्कु’ म्हणतात; त्यात आणि आपल्या ‘दोन’मध्ये एकही व्यंजन समान नाही, तरी दोन्ही एकाच घराण्यातले आहेत. उलट लॅटिन ‘देउस’ आणि ग्रीक ‘थेओस’ या दोन्हींचा अर्थ देव, आवाज जवळचा, दोन्ही भाषाही एकाच कुळातल्या. आणि तरी हे शब्द एकमेकांचे कोणी नाहीत. आपला ‘देव’ पहिल्याचा नातलग आहे, दुसऱ्याचा नाही. ऑस्ट्रेलियातल्या म्बाबाराम भाषेत कुत्र्याला ‘डॉग’ म्हणत. आर. एम. डब्ल्यू. डिक्सन या अभ्यासकाने शेजारच्या भाषांतल्या ‘गुडगा’ या शब्दापासून तो नियमाने कसा झिजत आला ते दाखवलं. इंग्रजी ‘डॉग’शी त्याचा काहीही संबंध नाही. शब्द जितका आखूड तितकी अशी अपघाती गाठ पडण्याची शक्यता जास्त, कारण माणसाच्या तोंडातून निघणारे सोपे आवाज मोजकेच आणि भाषा हजारोंनी.

मात्र मामाच्या बाबतीत केवळ योगायोग म्हणून थांबता येत नाही, आणि इथे पहिल्या महत्त्वाच्या आक्षेपाला सामोरं जायला हवं. योगायोग असता तर ‘म’ आईकडे आणि बापाकडे सारख्याच प्रमाणात गेला असता. तसं झालेलं नाही. जॉर्ज पीटर मर्डॉक या अमेरिकी मानवशास्त्रज्ञाने जगभरच्या भाषांतून आई-बापांसाठीचे १०७२ शब्द गोळा केले, त्यांतले ५३१ आईचे आणि ५४१ बापाचे. कुळामुळे येणारी समानता पुन्हापुन्हा मोजली जाऊ नये याची त्याने काळजी घेतली होती. १९५९ मध्ये या सामग्रीवर चर्चा झाली तेव्हा तिथे रोमान याकोब्सन हा मूळचा मॉस्कोचा भाषाशास्त्रज्ञ होता. आईसाठीच्या शब्दांपैकी सुमारे ५५ टक्क्यांत म, न, ङ यांसारखं अनुनासिक होतं. बापासाठीच्या शब्दांत ते फक्त १५ टक्क्यांत. इतका कल आपोआप पडत नाही. ‘मामा आणि पापा का?’ असा थेट प्रश्न शीर्षकात घेऊन याकोब्सनने लिहिलेला निबंध आजही या विषयाचा पाया मानला जातो.

त्याचं उत्तर शरीरापासून सुरू होतं. बाळ अंगावर पीत असताना त्याचं तोंड भरलेलं असतं. त्या अवस्थेत आवाज निघू शकतो तो नाकातूनच, आणि तो हुंकार ‘म’सारखा असतो. पुढे दूध दिसलं तरी तोच हुंकार, भूक लागली तरी तोच, आणि अखेर काहीही हवं असलं तरी तोच. याकोब्सनचं एक निरीक्षण इथे फार मोलाचं आहे: सुरुवातीला हा आवाज कोणा माणसाचं नाव नसतो, ती मागणी असते. मागणी पुरवायला जे माणूस धावतं त्याचं ते नाव ठरतं, आणि ठरवतात मोठी माणसं. बाळ सहा ते दहा महिन्यांचं झालं की त्याची बडबड अक्षरांच्या जोड्यांत सुरू होते. ओठांनी आणि जिभेच्या शेंड्याने होणारे म, ब, प, न, द, त हे आवाज, जोडीला सगळ्यात सोपा स्वर ‘आ’. एवढ्या सामग्रीत मामा, बाबा, पापा, नाना, दादा, ताता यांच्याखेरीज फारसं काही बनतच नाही. घशाजवळचा ‘क’ धरला तर काका. लॅरी ट्रास्क या बास्क भाषेच्या अभ्यासकाने याच सूत्राला पुढे नेत म्हटलं की आई-बाप या बडबडीत आपलं नाव ऐकू पाहतात आणि ऐकतातच. २०१६ मध्ये जगातल्या निम्म्याहून अधिक भाषांच्या मूलभूत शब्दांची तुलना प्रसिद्ध झाली, तीतही स्तनासाठीच्या शब्दांकडे ‘म’चा ओढा दिसला. लॅटिन माम्मा आणि तुर्की मामा, म्हणजे स्तन आणि बाळाचं खाणं, हे दोन अर्थ त्या मूळ मागणीच्या सर्वांत जवळ राहिलेले आहेत. मराठी घरात बाळाला भरवताना ‘मंमं’ म्हणतात, जपानी घरात ‘मम्मा’ म्हणतात. दोघांनी एकमेकांकडून काही घेतलेलं नाही.

आता ५५ टक्के हा कल आहे, नियम नव्हे. उरलेल्या ४५ टक्क्यांकडे दुर्लक्ष केलं की पुन्हा चुकीच्या वाटेला लागतो, आणि त्या ४५ टक्क्यांत मराठी स्वतः आहे. ‘आई’ या शब्दात एकही व्यंजन नाही. माय, माउली हे शब्द भाषेत आहेत, पण प्रमाण मराठी घरात रोज मारली जाणारी हाक निव्वळ दोन स्वरांची आहे. ‘म’ची जोडी आईच्या भावाकडे गेली आणि ‘प’ची जोडी, म्हणजे ‘पापा’, गालावरच्या मुक्याकडे. बाळाचं तोंड जगात सगळीकडे सारखंच. पण त्यातून निघालेला कोणता आवाज कोणाच्या पदरात टाकायचा हे समाज ठरवतो, आणि दोन समाजांनी ते एकसारखंच ठरवावं असं कोणतंही बंधन नाही.

जॉर्जिया याचं सगळ्यात ठळक उदाहरण आहे आणि तिथे थोडं थांबायला हवं, कारण ‘त्यांनी उलटं केलं’ एवढ्यावर तो विषय सोडून दिला जातो. जॉर्जियनमध्ये मामा बाप आणि देदा आई. तिबिलिसी शहरावर टेकडीवरून नजर ठेवणारा, एका हातात मद्याचं भांडं आणि दुसऱ्या हातात तलवार धरलेला स्त्रीचा भव्य पुतळा १९५८ मध्ये उभारला गेला. त्याचं नाव ‘कार्तलिस देदा’, म्हणजे कार्तली भूमीची आई. राजधानीला जॉर्जियनमध्ये ‘देदाकालाकी’ म्हणतात, शब्दशः आई-नगर. पृथ्वी म्हणजे ‘देदामित्सा’, आई-माती. मातृभाषा म्हणजे ‘देदाएना’, आणि याकोब गोगेबाश्विली यांनी १८७६ मध्ये मुलांसाठी लिहिलेल्या पहिल्या वाचनपुस्तकाचं नावही तेच. एप्रिल १९७८ मध्ये सोव्हिएत जॉर्जियाच्या नव्या राज्यघटनेतून जॉर्जियनचं राजभाषापद काढलं जाणार होतं, तेव्हा तिबिलिसीच्या रस्त्यांवर लोक उतरले आणि ते पद टिकलं. १४ एप्रिल हा दिवस तिथे आज भाषेचा दिवस म्हणून पाळतात. दुसऱ्या बाजूला ‘मामाकात्सी’ म्हणजे पुरुष, ‘मामुली’ म्हणजे वडिलार्जित भूमी आणि चर्चमधल्या धर्मगुरूला हाक मारायची तीही ‘मामाओ’. शेजारच्या, त्याच कुळातल्या मेग्रेलियन भाषेत बाप ‘मुमा’ आणि आई ‘दिदा’ आहे, म्हणजे ही वाटणी काल-परवाची नाही. एका सबंध समाजाची भूमी, भाषा, धर्म या वाटणीवर रचली गेली आहे. ‘म’ बापाकडे गेल्याने तिथल्या बाळांचं काही अडलं नाही. ‘देदा’ म्हणणं त्यांना तितकंच सोपं.

हाच शब्द सर्बियात नेला की देदा म्हणजे आजोबा होतो, तुर्कस्तानात ‘देदे’ हाही आजोबाच. हिंदी पट्ट्यात दादा बापाचा बाप, बंगाल आणि महाराष्ट्रात थोरला भाऊ, आणि स्वाहिलीत दादा म्हणजे बहीण. स्वाहिलीत काका मात्र थोरला भाऊ आहे, जो आपल्याकडे बापाचा भाऊ आहे, आणि स्पॅनिश घरात ‘काका’ हा तान्ह्याच्या शीसाठीचा शब्द आहे. बाबा चीनमध्ये, तुर्कस्तानात, योरुबात, स्वाहिलीत आणि मराठीत बाप आहे, तर रशियात ‘बाबा’ म्हणजे म्हातारी बाई. तेलुगूत ‘नान्ना’ बाप, हिंदीत नाना आईचा बाप, चिनी ‘नाइनाइ’ बापाची आई, घानातल्या अकान समाजात ‘नाना’ म्हणजे आजा-आजी आणि राजाची पदवीही. ऋग्वेदाच्या नवव्या मंडलातल्या एका सूक्तात बापासाठी ‘तत’ आणि आईसाठी ‘नना’ हे घरगुती शब्द आले आहेत. अभिजात संस्कृतातला ‘तात’ त्याच घरचा, आणि तेलुगूत तोच आवाज आजोबाचा आहे. झ्युरिकमध्ये १९१६ साली सुरू झालेल्या कलाचळवळीने ‘दादा’ हे नाव उचललं तेव्हा तिचा एक संस्थापक ह्यूगो बाल याने रोजनिशीत त्याचे निरनिराळ्या भाषांतले अर्थ टिपून ठेवले होते. रुमानियनमध्ये होकार, फ्रेंचमध्ये लाकडी घोडा.

या पसाऱ्यात एक शिस्त आहे आणि ती सहज निसटते. आवाज बाळाचा असेल तर अर्थ घराच्या उंबरठ्याबाहेर जात नाही. आई, बाप, आजा, आजी, काका, मामा, थोरली भावंडं, दाई, दूध, खाणं, मुका, शी: बाळाच्या हाकेच्या टप्प्यात जे काही येतं त्याच वर्तुळात हे सगळे अर्थ फिरतात. स्पॅनिशमध्ये ‘पापा’ म्हणजे बटाटाही आहे हे खरं, पण तो केचुआतून आलेला शेतातला शब्द आहे, बाळाचा नाही. त्याच भाषेत पोपसाठी जो ‘पापा’ आहे तो ग्रीक ‘पाप्पास’ म्हणजे बाबा या हाकेतून आलेला आहे. एकाच भाषेत एकाच आवाजाचे दोन शब्द दोन वेगळ्या उगमांतून येऊन बसले आहेत, आणि ते ओळखता येतात ते अर्थाच्या वर्तुळावरून व इतिहासावरून, आवाजावरून नाही.

यावरचा सगळ्यात जोरकस आक्षेप जागतिक व्युत्पत्तीच्या बाजूने येतो. मेरिट रूलेन आणि जॉन बेंग्टसन यांनी १९९४ मध्ये सगळ्या भाषांच्या आद्य जननीतून उरलेली म्हणून २७ मुळं मांडली. पुढे प्येर बांसेल आणि आलँ मातेय द लेतांग या फ्रेंच संशोधकांनी पापा, मामा आणि विशेषतः काका हे शब्द आदिमानवाच्या भाषेपासून अखंड चालत आले आहेत असा दावा केला. त्यांचा मुद्दा विचार करण्यासारखा आहे: मुलं शब्द निर्माण करत नाहीत, मोठ्यांकडून शिकतात, मग हे शब्द दर पिढीत नव्याने जन्मतात असं कसं म्हणायचं? त्याचं उत्तर जपानी भाषेत लख्ख दिसतं. जपानीत आई म्हणजे ‘हाहा’. पण प्राचीन जपानीत आजच्या ‘ह’च्या जागी ‘प’ होता, मग तो ओठांनी फुंकलेल्या ‘फ’सारखा झाला आणि शेवटी ‘ह’ झाला. म्हणजे एकेकाळी जपानी आई ‘पापा’ होती. १५१६ सालच्या एका जपानी कोड्यांच्या संग्रहात विचारलंय की आईला दोनदा भेटतं पण बापाला एकदाही भेटत नाही असं काय. उत्तर आहे ओठ. आजच्या उच्चारात हे कोडं सुटणार नाही, कारण हाहा म्हणताना ओठ मिटत नाहीत. त्या काळच्या ‘फाफा’त ते दोनदा जवळ येत, आणि बापाच्या ‘चिची’त एकदाही नाही. शब्द वारशाने चालत आला म्हणून ध्वनिबदलाच्या नियमात सापडला आणि ओळखू येईनासा झाला. मग घराने काय केलं? आज जपानी मुलं आईला सर्रास ‘मामा’ आणि बापाला ‘पापा’ म्हणतात. हे शब्द पाश्चात्त्य भाषांतून घेतलेले आहेत. इंग्रजीचंही तेच. मूळ ‘प’ जर्मानिक भाषांत ‘फ’ झाला, म्हणूनच पितृ आणि पातेर यांच्या जोडीला ‘फादर’ दिसतो. ‘पापा’ही वारशानेच आला असता तर इंग्रजीत आज ‘फाफा’ असता. तिथला ‘पापा’ सतराव्या शतकात फ्रेंचमधून आला. जो शब्द खरोखर पन्नास हजार वर्षं चालत येईल तो मूळ रूपात राहणार नाही, आणि जो मूळ रूपात आहे तो कधीतरी नव्याने घडवलेला किंवा शेजाऱ्याकडून घेतलेला असणार. मुलं शब्द एकट्याने घडवत नाहीत हे मान्य. पण मोठी माणसं मुलांच्या तोंडाला सोपे पडतील असेच शब्द त्यांच्या पुढ्यात ठेवतात, आणि भाषेतले नियम बदलले तरी तान्ह्याचं तोंड बदललेलं नसतं. वारसा आणि नवनिर्मिती यांचा फरकच ज्या शब्दात पुसला जातो, त्या शब्दाला वारशाचा साक्षीदार म्हणून उभं करता येत नाही.

याचा अर्थ या वर्गातले शब्द कधीच नातेवाईक नसतात असाही नाही. गोव्यात पोर्तुगीजच्या प्रभावाने कित्येक ख्रिस्ती घरांत आई ‘मांय’ झाली. पोर्तुगीज ‘मांय’ लॅटिन ‘मातेर’वरून आली आणि आपली ‘माय’ प्राकृत ‘माआ’मधून संस्कृत ‘मातृ’पर्यंत जाते, मातेर आणि मातृ एकाच मुळाचे. इथे सारखेपणाही आहे आणि खरं नातंही आहे. पण ते नातं आपल्याला पटतं ते मधल्या सगळ्या पायऱ्या हातात आहेत म्हणून. पायऱ्या नसत्या तर मांय आणि माय यांची साक्ष आप्पा-ऑम्माच्या साक्षीइतकीच दुबळी ठरली असती.

मग मराठी ‘मामा’कडे वळू. संस्कृतात आईच्या भावाला जुना शब्द ‘मातुल’. ‘माम’ हे हाकेचं रूप नंतरच्या कथावाङ्मयात दिसतं. द्राविडी भाषांतही मामा, मामन, माव अशी रूपं आहेत. कोणी कोणाकडून घेतला असं विचारलं तर आवाजाकडे उत्तर नाही, कारण दोन्ही बाजूंना तो स्वतंत्रपणे घडू शकतो. पण अर्थाकडे पाहिलं की चित्र उलगडू लागतं. हिंदीत मामा आईच्या भावापाशी थांबतो. मराठीत तो थांबत नाही. अनेक मराठी घरांत आत्याच्या नवऱ्यालाही मामा म्हणतात. हिंदीत तो फूफा. सून सासऱ्याला ‘मामंजी’ म्हणत आली आहे, जावईही सासऱ्याला मामा म्हणतो, आणि ग्रामीण भागात सासूला ‘आत्याबाई’ म्हणण्याची रीत आहे. आईचा भाऊ, आत्याचा नवरा आणि सासरा या तीन माणसांना एकच शब्द का? कारण मामाच्या मुलीशी लग्न करण्याची रीत असेल तर मुलाचा सासरा त्याचा मामाच असतो, आणि त्याच लग्नातल्या मुलीची सासू तिची आत्या असते, सासरा आत्याचा नवरा. तमिळमध्ये हे तिन्ही अर्थ मामाच्या एका शब्दात मावतात. थॉमस ट्राउटमन यांनी १९८१ च्या आपल्या ग्रंथात द्राविडी नातेव्यवस्थेची जी चौकट मांडली, तिच्या केंद्रस्थानी आते-मामे भावंडांच्या लग्नाची हीच रीत आहे. ती रीत दक्षिणेची म्हणून बौधायन धर्मसूत्रातही नोंदलेली आहे. उत्तरेला ती निषिद्ध. तरी महाभारतात अर्जुनाची सुभद्रा त्याच्या मामाचीच मुलगी. इरावती कर्वे यांनी १९५३ मध्ये भारतातल्या नातेव्यवस्थांचा ग्रंथ प्रसिद्ध केला तेव्हा महाराष्ट्राला उत्तर आणि दक्षिण यांच्या मधल्या पट्ट्यात ठेवलं, ते याच प्रकारच्या पुराव्यावर: इथल्या कित्येक जातींत मामाच्या मुलीशी लग्न चालतं, पण आत्याच्या मुलीशी करणं टाळतात. भाषा आर्य कुळातली, पण सासरच्या माणसांना मारायच्या हाका दक्षिणेच्या चौकटीतल्या.

इथे कोणी म्हणेल की अर्थही योगायोगाने जुळू शकतो. आते-मामे भावंडांच्या लग्नाची रीत ॲमेझॉनच्या खोऱ्यातही सापडते. हा आक्षेप रास्त आहे आणि एकट्या मामावर सगळा भार टाकला तर तो जिंकेलही. पण मराठीत मामा एकटा नाही. अक्का आणि अण्णा हे शब्द कन्नडमध्ये थोरली बहीण आणि थोरला भाऊ याच अर्थाने आहेत. तमिळ ‘अत्तै’ ही आत्याही आहे आणि सासूही. आणि नात्यांच्या शब्दांपलीकडे ‘आम्ही’ आणि ‘आपण’ यांतला फरक, म्हणजे ऐकणाऱ्याला वगळणारं आणि सामावून घेणारं अशी दोन वेगळी सर्वनामं, बहुतेक द्राविडी भाषांत आहे, मराठीत आहे आणि प्रमाण हिंदीत नाही. शेजार, रीत, व्याकरण आणि अर्थ हे चारही पुरावे एकाच बाजूला बोट दाखवतात तेव्हा भाषासंपर्काचा दावा उभा राहतो. ॲमेझॉनच्या बाबतीत यातला फक्त एक आहे.

महाराष्ट्राने या बाळबोलीतल्या शब्दांचं आणखी एक केलं आहे आणि ते फारसं कुठे लिहिलं जात नाही. इथे ते घरातून निघून सार्वजनिक जीवनात गेले. नाना फडणवीस, तात्या टोपे, क्रांतिसिंह नाना पाटील, मामा वरेरकर, काका कालेलकर, अण्णा भाऊ साठे, बाबा आमटे. पेशवाई, १८५७, प्रतिसरकार, रंगभूमी, गांधीविचार, शाहिरी, कुष्ठसेवा; एवढ्या वेगवेगळ्या क्षेत्रांतली माणसं लोकांच्या तोंडी राहिली ती या दोन अक्षरी हाकांनी. इथे शब्दाचं नातं उरलेलं नाही, उरला आहे तो आदर आणि जवळीक. घानामध्ये राजाला नाना म्हणणं आणि जॉर्जियात धर्मगुरूला मामाओ म्हणणं याच जातीचं आहे. अर्थाच्या उंबरठ्याचं बंधन तिथेही मोडत नाही: ज्याला घरातल्या वडीलधाऱ्याचा मान द्यायचा त्यालाच तो शब्द मिळतो.

हे सगळं आता वेगाने बदलतं आहे. मम्मी आणि पप्पा शहरांतून गावांत गेले, सासऱ्याला मामंजीऐवजी बाबा किंवा पप्पा म्हणणाऱ्या सुना आता सर्वत्र आहेत, आणि काका-मामा-आत्याचा नवरा या सगळ्यांवर ‘अंकल’ पसरतो आहे. बदल होणारच, जपानी आणि इंग्रजी घरांतही तो झाला. पण अर्थाचे हे भेद म्हणजे मराठीच्या जडणघडणीचा पुरावा आहेत, आणि ते बोलीबोलींत, जातीजातींत निराळे आहेत. पुण्याच्या डेक्कन कॉलेजने राज्य मराठी विकास संस्थेबरोबर मराठीच्या बोलींचं जे सर्वेक्षण केलं, त्यात गावोगावच्या नात्यांच्या शब्दांची नोंद आहे. तसंच काम कर्नाटकाच्या सीमेवर, तेलंगणात, तंजावरच्या मराठी घरांत आणि गोव्यात कोंकणीच्या जोडीने, एकाच प्रश्नावलीने व्हायला हवं: आत्याच्या नवऱ्याला काय म्हणता, सासऱ्याला काय म्हणता, मामाच्या बायकोला काय म्हणता, आणि लग्न कोणाशी चालतं. आजच्या सत्तरीतल्या स्त्रियांकडे याची उत्तरं अजून तोंडपाठ आहेत. त्यांच्या सुनांकडे ती तशी नाहीत, नातींकडे तर नाहीतच.